पापणीची जखम आणि प्रारब्धाचा रकाना

जागतिक आरोग्य संघटनेने प्रसृत केलेल्या रोगवर्गीकरणाच्या दहाव्या आवृत्तीत ‘एस ०१.१’ या संकेतांकाखाली पापणीच्या व डोळ्याभोवतालच्या भागाच्या उघड्या जखमेची नोंद होते. आणि लोणावळ्याच्या घाटात मोटारीची काच फुटून कापलेली पापणी, पवनेच्या खोऱ्यात करवंदीच्या जाळीत शिरताना काट्याने फाटलेली पापणी, आवणीच्या चिखलात बैलाने मान फिरविताच शिंग लागून उकललेली पापणी आणि घराच्या चार भिंतींआड कोणाच्या तरी मुठीने फुटलेली पापणी, या सर्व त्या एका ओळीत एकाच पंक्तीला येऊन बसतात. जखमेचा धनी कोण, त्याने पूर्वी काय केले होते, हे दुःख त्याच्याच वाट्याला का आले, याविषयी तो संकेतांक अवाक्षर काढीत नाही. श्रद्धाळू मनास हे मौन कोरडे वाटते आणि संवेदनशील मनास ते निर्दय वाटते. मला मात्र त्या मौनाचा जितका विचार करावा तितके ते धर्मदृष्ट्या मोलाचे वाटत आले आहे; ते का, आणि कोठवर, एवढेच येथे मांडावयाचे आहे.

त्या मौनाचा दोष प्रथम सांगितला पाहिजे, कारण तो खरा आहे. पापणीची त्वचा ही मानवी शरीरातील सर्वांत पातळ त्वचा. तिची जाडी एक मिलिमीटरही भरत नाही आणि तिच्याखाली चरबीचा थर नाही. तिला पडलेली लहानशी खोकही इतकी भळभळते, की सोबत आलेली माणसे डोळाच गेला असे समजून हंबरडा फोडतात. जखम वरवरची असेल तर दोन-तीन टाक्यांवर प्रकरण मिटते. पण पापणीची कड आरपार चिरली गेली असेल, तर केसांची रांग व तिच्या मागची ती बारीक करडी रेषा यांची चिरलेली टोके समोरासमोर तंतोतंत आणून पहिला टाका तेथे घालावा लागतो. तेथे केसभर जरी उंचसखल राहिले तरी पापणीला कायमची खाच पडते, डोळा पुरता मिटत नाही, आणि उघडे राहणारे बुबुळ हळूहळू कोरडे पडत जाते. नाकाजवळच्या कोपऱ्यात तर याहून नाजूक मामला असतो. तेथून अश्रू वाहून नेणारी सूक्ष्म नलिका जाते. ती तुटली असल्यास शक्यतो एक-दोन दिवसांच्या आत तिची दोन टोके शोधून त्यांतून सिलिकॉनची तंतूसारखी नळी ओवावी लागते, नाही तर त्या माणसाच्या गालावरून, त्यास शोक असो वा नसो, जन्मभर पाणी वाहत राहण्याचा धोका असतो. आणि एवढा भेद असूनही संकेतांकाच्या व्याख्येत शब्द आहेत ते असे, की अश्रुमार्गास इजा झालेली असो अथवा नसो, नोंद येथेच करावी. तीन टाक्यांची जखम आणि जन्मभराचे पाणी यांस एकच नाव! न्याय-वैशेषिकांनी सामान्य आणि विशेष यांची जी चर्चा शतकानुशतके केली, ती येथे शस्त्रवैद्याच्या सुईच्या अग्रावर येऊन उभी राहते. कारण टाका घालणाऱ्याचा संबंध नेहमी त्या एका पापणीशी असतो, पापणीत्वाशी नव्हे.

तरीही या वर्गीकरणाचा जन्म निर्दयतेतून झालेला नाही. झाक बेर्तियों या फ्रेंच संख्याशास्त्रज्ञाने तयार केलेली मृत्यूंच्या कारणांची यादी १८९३ साली शिकागो येथे आंतरराष्ट्रीय संख्याशास्त्र संस्थेने स्वीकारली, त्या वेळी प्रश्न फक्त माणसे कशाने मरतात एवढाच होता. पुढे १९४८ साली सहावी आवृत्ती जागतिक आरोग्य संघटनेच्या हाती आली तेव्हा जगणाऱ्यांचे आजार व जखमा यांचाही तीत समावेश झाला. दहावी आवृत्ती १९९० साली संमत झाली, आणि १ जानेवारी २०२२ पासून अकरावी अमलात आली, तरी दवाखान्यांच्या दप्तरांतून दहावीचाच अंमल अद्याप पुष्कळ ठिकाणी चालू आहे. अमेरिकेने तिला आपल्या विम्याच्या व्यवहारासाठी इतके फाटे फोडले, की उजव्या पापणीची, आत बाहेरची वस्तू न राहिलेली फाटलेली जखम ‘एस ०१.१११’ आणि डाव्या पापणीची ‘एस ०१.११२’ ठरते, आणि त्यापुढे सातवे अक्षर लागते: उपचार चालू असताना ‘ए’, जखम भरत असतानाच्या पुढील भेटींस ‘डी’ आणि मागे राहिलेल्या परिणामांस ‘एस’. पुण्यात असे संकेतांक लावण्याच्या कामावर कितीतरी तरुण-तरुणींचा चरितार्थ चालतो. समुद्रापलीकडच्या कोणा अनोळखी माणसाच्या पापणीची कैफियत मावळच्या वेशीपाशी बसून वाचावी आणि तिचा अंकांत निवाडा करावा, हे त्यांचे रोजचे काम आहे. मोजणे व वर्गवारी करणे म्हणजे मानवी अनुभवाचा अधिक्षेप करणे, असे मानणाऱ्यांनी लोणावळ्याचाच दाखला ध्यानात घ्यावा. १९२४ साली स्वामी कुवलयानंदांनी तेथे कैवल्यधामाची स्थापना केली आणि प्राणायामासारख्या साधनेस प्रयोगशाळेच्या यंत्रांसमोर बसविले, तेव्हा साधनेचे तेज त्यामुळे उणे झाले नाही.

या वर्गीकरणाची रचना पाहिली असता एक गोष्ट विशेषत्वाने लक्षात येते. जखम काय आहे याचे प्रकरण वेगळे आणि ती कशाने झाली याचे प्रकरण वेगळे. पापणी फाटली ही नोंद एकोणिसाव्या प्रकरणात होते; ती करवंदीच्या काट्याने फाटली असल्यास विसाव्या प्रकरणातील ‘डब्ल्यू ६०’ हा, वनस्पतींचे काटे व तीक्ष्ण पाने यांचा संकेतांक तिला जोडावा लागतो; कुत्रा चावला असल्यास ‘डब्ल्यू ५४’; कोणी हातापायांनी मारहाण केली असल्यास ‘वाय ०४’. अपघात, स्वतः करून घेतलेली इजा, दुसऱ्याने केलेला हल्ला, असे हेतूचे विभाग आहेत. आणि हेतू कोणता ते ठरविता येत नाही अशा घटनांसाठीही स्वतंत्र जागा राखून ठेवलेली आहे. इतका सूक्ष्म विचार करणाऱ्या, काट्यांपासून आगगाडीपर्यंत काहीही न विसरणाऱ्या या विस्तीर्ण फेरिस्तीत पूर्वजन्मीचे पाप, ग्रहदशा, देवतेचा कोप अथवा प्रारब्ध यांस रकाना नाही.

आपल्या परंपरेतील एका धारेने असा रकाना केला होता, आणि तोही तपशीलवार. मनुस्मृतीच्या अकराव्या अध्यायात कोणत्या पातकाचे कोणते शारीरिक चिन्ह, याची गणना आहे: सोने चोरणाऱ्याची नखे विकृत होतात, मद्यपी काळ्या दातांचा होतो, ब्रह्मघातक्यास क्षय जडतो; आणि काही पाठांत दिवा चोरणारा अंध व दिवा विझविणारा एका डोळ्याने अधू होतो असेही येते. पुढे कर्मविपाकाच्या ग्रंथांनी या गणनेचा विस्तार केला व प्रत्येक व्याधीस तिचे पातक व प्रत्येक पातकास त्याचे प्रायश्चित्त नेमून दिले. त्यामागील हेतू समाजाने पापभीरू व्हावे हा असेल, हे मी अमान्य करीत नाही. परंतु व्यवहारात त्याचे फळ काय झाले, ते खेड्यापाड्यांत ज्याने डोळे उघडे ठेवून आयुष्य काढले आहे त्यास सांगावयास नको. जन्मतः अंध मुलाच्या आईस, कोड उठलेल्या मुलीच्या बापास, अकाली विधवा झालेल्या स्त्रीस, आपल्या दुःखाच्या ओझ्यावर अपराधाचे आणखी एक ओझे वाहावे लागले. आणि ते ओझे त्यांच्या डोक्यावर ठेवणारे लोक स्वतः धडधाकट असल्यामुळे आपण पुण्यवान असल्याचा निर्वाळा त्यांना आपोआप मिळत गेला.

पण त्याच परंपरेत वैद्यांची दुसरी धारा होती, आणि तिचा आवाज आपण पुरेसा ऐकला नाही असे मला वाटते. सुश्रुताने उत्तरतंत्रात नेत्ररोगांची संख्या शहात्तर सांगितली आणि त्यांतील एकवीस एकट्या पापणीचे म्हणून वेगळे काढले. ही विद्या तो विदेहाच्या अधिपतीची म्हणून सांगतो. शापाने देह गमावल्यावर देवांनी ज्यास सर्व प्राण्यांच्या पापण्यांत वसविले, अशी पुराणांत कथा आहे, तो निमी राजाही विदेहाचाच. पापणीच्या वैद्यकास याहून शोभणारा पूर्वज मिळणे कठीण. सद्योव्रणांचेही सुश्रुताने छिन्न, भिन्न, विद्ध, क्षत, पिच्चित व घृष्ट असे सहा प्रकार केले, ते शस्त्राने काय केले आहे हे पाहून. जखमी मनुष्याच्या चारित्र्याकडे पाहून नव्हे. आणि व्याधींच्या कारणांची विभागणी करताना त्याने आघातातून येणारे व्याधी आणि दैवबलाने येणारे व्याधी हे दोन निरनिराळ्या वर्गांत ठेवले. दैव त्याने नाकारले नाही. पण ज्यास बैलाचे शिंग लागले त्याच्या जखमेवर दैवाचा हक्क त्याने सांगू दिला नाही. चरक तर याहून पुढे जातो. सर्वच आयुष्ये आधीपासून नियत असती तर औषधांचा व मंत्रांचा खटाटोप करण्याचे कारणच उरले नसते, असा त्याचा युक्तिवाद आहे. आणि दुसऱ्या एका स्थळी, एखाद्या विकाराचे नाव सांगता आले नाही म्हणून वैद्याने लाजू नये, कारण सर्व विकारांस ठरलेली नावे नसतात, असा धीर तो देतो. नाव न सापडले तरी कारण, स्थान व लक्षण पाहून उपचार करावा, हा त्याचा आशय संकेतांकांच्या आजच्या काळात प्रत्येक वैद्याने ध्यानी धरावा असा आहे.

मावळाच्या डोंगरांत या प्रश्नाची चर्चा करावयाची म्हटल्यावर कार्ल्याच्या आणि भाज्याच्या लेण्यांचे स्मरण झाल्यावाचून राहत नाही. कार्ल्याच्या चैत्यगृहातील स्तंभांवर दात्यांची नावे व त्यांची गावे कोरलेली आहेत, त्यांत धेनुकाकटाहून आलेले यवनही आहेत. आणि ज्या धर्मासाठी त्यांनी हे द्रव्य वेचले त्याच्या शास्त्याने वेदनेच्या कारणांविषयी दिलेले एक उत्तर पाली ग्रंथांत जतन झाले आहे. सिवक नावाच्या परिव्राजकाने बुद्धास विचारले, की मनुष्य जे काही सुखदुःख भोगतो ते सर्व पूर्वकर्मामुळेच, असे काही श्रमणब्राह्मण म्हणतात, त्याविषयी आपले मत काय. बुद्धाने आठ कारणे मोजून दाखविली: पित्त, कफ, वात, या तिहींचा संयोग, ऋतूंचा पालट, शरीराची हयगय, बाहेरून झालेला आघात आणि आठवे कर्माचा विपाक. सर्व काही पूर्वकर्माचेच, असे म्हणणारे लोक प्रत्यक्ष अनुभवाची व लोकमान्य सत्याची मर्यादा ओलांडतात, असा त्याने निर्णय दिला. मिलिंद राजाने पुढे नागसेन या भिक्षूस याच मुद्द्यावर कोंडीत पकडले. देवदत्ताने लोटलेल्या शिळेची कपची बुद्धाच्या पायास लागून रक्त आले, तेव्हा बुद्धाच्याही पदरी काही पाप शिल्लक होते काय, असा त्याचा पेच होता, आणि नागसेनाने त्याच आठ कारणांचा आधार घेऊन तो सोडविला. कर्मसिद्धांतावर ज्याची सारी इमारत उभी, त्या धर्माने बाहेरून आलेल्या आघातास कर्माच्या रकान्यातून काढून स्वतंत्र रकाना दिला, ही मला भारतीय विचाराच्या इतिहासातील फार मोठी घटना वाटते.

कोणी म्हणेल, की हा प्रारब्धाचा रकाना काढून घेतला तर दुःखी माणसाच्या हाती उरले काय? कार्ल्याच्या त्याच चैत्याच्या शेजारी एकवीरा आईचे देऊळ आहे. मूल आजारातून उठले म्हणजे, डोळा वाचला म्हणजे, आई-बाप डोंगर चढून येतात, ओटी भरतात. डोळ्यांच्या दुखण्यासाठी देवतेस चांदीचे डोळे वाहण्याची चाल तर महाराष्ट्रात सर्वत्र आहे. ‘घाव पापणीवर निभावला, आईनं डोळा राखला,’ असे जो बाप म्हणतो, त्याच्या या वाक्यास अपघातशास्त्राने उत्तर देण्याचा प्रयत्न करणे हा अडाणीपणा होईल. प्रश्न त्या वाक्याच्या सत्यतेचा नाही. ते कोणी कोणाविषयी उच्चारावयाचे याचा आहे. इंद्रायणी मावळाच्या डोंगरांतून निघून ज्या देहूस जाते, तेथल्या तुकोबांनी दुष्काळ, दिवाळे व पत्नीचा अन्नावाचून झालेला मृत्यू, या साऱ्यांस आपल्यावरील ईश्वराचा उपकार मानले. ते शब्द आपणांस हलवून सोडतात, कारण ते त्यांनी स्वतःच्या दिवाळ्याविषयी काढले आहेत. तेच शब्द शेजारच्या वाण्याने तुकोबांस ऐकविले असते तर ते क्रूर ठरले असते. प्रारब्ध, प्रसाद, ईश्वरी इच्छा ही भाषा ज्याची जखम त्याच्या मुखी शोभते, आणि त्याने ती उच्चारल्यास इतरांनी आदराने ऐकून घ्यावी. दुसऱ्याच्या जखमेवर बोट ठेवून ती बोलण्याचा अधिकार, माझ्या मते, पुरोहितास नाही, वैद्यास नाही, आणि घरातल्या वडीलधाऱ्यांसही नाही. केसपेपरावर प्रारब्धाचा रकाना नाही याचा अर्थ मला एवढाच दिसतो, की ती जागा रुग्णासाठी मोकळी सोडलेली आहे.

जखमेकडे असे निर्लेप पाहणे ही केवळ परदेशी दप्तरशाहीची देणगी आहे, असेही कोणी समजू नये. अफजलखानाच्या प्रसंगानंतर शिवाजी महाराजांनी जखमी झालेल्या लोकांस दोनशे, शंभर, पन्नास, पंचवीस होन असे दर असामीस जखम पाहून दिले, असे कृष्णाजी अनंत सभासदाने आपल्या बखरीत नमूद केले आहे. ज्यांस ते मिळाले त्यांत याच बारा मावळांतील किती गडी असतील! घाव मोठा तर रक्कम मोठी, घाव लहान तर रक्कम लहान. कोणाच्या कुळाची, जातीची वा पूर्वपुण्याची चौकशी त्या हिशेबात आलेली दिसत नाही. दुःखाची प्रतवारी लावणे हे कृपणतेचे काम वाटते खरे, परंतु त्या दिवशी ज्याचा डोळा गेला असेल आणि ज्याचे बोट कापले असेल, त्या दोघांस न्याय द्यावयाचा तर प्रतवारीवाचून दुसरा उपाय तरी कोणता होता?

इथपर्यंत मी मौनाची बाजू घेतली. आता ज्या ठिकाणी ते मौन मला अस्वस्थ करते, तेथे येतो.

रात्री उशिरा एक बाई येते. डाव्या भुवईखाली खोक, पापणी फुटून सुजलेली, पदर रक्ताने भिजलेला. सोबत नवरा किंवा दीर. ‘कशानं लागलं गं, ताई?’ असे परिचारिका विचारते. ‘दाराची कडी लागली, सिस्टर,’ असे उत्तर येते, आणि ते उत्तर देताना तिची दृष्टी सोबतच्या पुरुषाकडे जाते. हा प्रसंग मावळातलाच आहे असे नाही; महाराष्ट्रातल्या कोणत्याही तालुक्यातल्या परिचारिकेस तो ओळखीचा आहे. आता दप्तराने काय करावे? पापणीचा संकेतांक दोन्ही परींनी तोच राहणार. पण कारणाच्या रकान्यात कडीवर आपटणे लिहिले तर ‘डब्ल्यू २२’, म्हणजे वस्तूवर आदळणे, हा निरुपद्रवी अंक पडतो. आणि खरे ते लिहिले तर हल्ल्याचा अंक, किंवा जोडीदाराने केलेल्या छळासाठी असलेला ‘वाय ०७.०’. एका अंकाने ती बाई घरी परत जाते. दुसऱ्या अंकाने प्रकरण वैद्यकीय-न्यायिक नोंदीत चढते, जखमेचा दाखला तयार होतो, आणि १ जुलै २०२४ पासून अमलात आलेल्या भारतीय न्याय संहितेच्या कलम ११६ प्रमाणे ती दुखापत साधी की गंभीर, म्हणजे चेहरा कायमचा विद्रूप झाला किंवा काय, दृष्टी गेली किंवा काय, याचा विचार पोलीस ठाण्यात व न्यायालयात सुरू होऊ शकतो.

जखम स्वतः पुष्कळ सांगते. कडीने झालेला घाव व मुठीने फुटलेली त्वचा यांची धार सारखी नसते. दंडावर जुने काळेनिळे डाग आहेत काय, सोबतच्या माणसाने प्रत्येक प्रश्नाचे उत्तर आपण होऊन दिले काय, हे अनुभवी डोळ्यांस दिसते. म्हणून येथे वैद्याचे सत्य आणि रुग्णाचे सत्य यांत विरोध उभा राहतो. ती जे सांगते तेच लिहिणे ही प्रामाणिक नोंद. ते खोटे आहे हे ठाऊक असून लिहिणे हा असत्यास दिलेला शासकीय शिक्का. आणि ती खोटे सांगते ते स्वतःच्या रक्षणासाठी. उद्या पुन्हा त्याच घरात जावयाचे आहे म्हणून. तिच्या संमतीवाचून ओढून काढलेले सत्य तिलाच मारक ठरले, तर त्या सत्याचे पुण्य कोणाच्या पदरी पडावयाचे? पापाचा आरोप न करणारे मौन वेगळे आणि पाप करणाऱ्यास आडोसा देणारे मौन वेगळे. दोन्ही केसपेपरावर मात्र हुबेहूब सारखी दिसतात. कर्मविपाकाच्या भाषेने तर यावर आणखी एक जाड पडदा ओढला आहे, कारण ‘माझ्या नशिबातच आहे’ हे वाक्य ती बाई जेव्हा बोलते, तेव्हा ते तुकोबांच्या वाक्यासारखे प्रथमपुरुषी असले तरी स्वतंत्र नसते. ते तिला लहानपणापासून दुसऱ्यांनी शिकविलेले असते. मघाशी मी जो अधिकार रुग्णास दिला, त्यास येथे मुरड घालावी लागते. सक्तीने शिकलेले प्रारब्ध हे प्रसाद नव्हे.

याचे निरसन कोणत्याही संकेतांकाने होणार नाही हे उघड आहे. तरी त्या व्यवस्थेतच एक वाट आहे असे मला वाटते. पहिल्या रात्री, रक्त वाहत असताना व सोबतचा माणूस उंबऱ्यात उभा असताना, तिने कडीचे नाव घेतले तर परिचारिकेने तिचे शब्द तिच्या नावाने, तिने सांगितल्याप्रमाणे म्हणून लिहावेत. आणि डॉक्टरांनी घावाची लांबी, दिशा, कडा व इतर व्रण यांचे वर्णन त्याखाली आपल्या नावाने, एकही अनुमान न घालता, पण एकही खूण न गाळता लिहावे. हेतू निश्चित नाही असे नोंदविण्याची जी सोय वर्गीकरणाने ठेवली आहे, ती आळसाची जागा नव्हे. कडी खरी मानण्याची घाई नको आणि मूठ तिच्या तोंडून वदवून घेण्याचीही नको, म्हणून राखलेली ती जागा आहे. त्वचेच्या जखमेचे टाके काढण्यासाठी पाच ते सात दिवसांनी परत यावेच लागते, कडेचे टाके त्याहूनही अधिक दिवस राहतात. त्या भेटीस सूज उतरलेली असते, डोळा उघडलेला असतो, आणि नवऱ्याची कामावर जाण्याची वेळही बहुधा झालेली असते. त्या दिवशी सोबत कोणी आलेच तर त्यास बाहेरच्या बाकावर बसवावे, दार लोटून घ्यावे, टाका कापण्यापूर्वी परिचारिकेने तोच प्रश्न पुन्हा एकदा विचारावा, आणि तिने दुसरे काही सांगितले तर पहिली नोंद न खोडता त्या दिवसाच्या तारखेनिशी नवी नोंद खाली करावी.